आठवणपेटी, सहा महिने वापरल्यानंतर : बाकी झकास, पण पुराचं पाणी कमी दाखवते

डोक्याला पट्टी लावून आपली आठवण पेटीत भरायची आणि पाहिजे तेव्हा परत लावून बघायची, एवढंच या पेटीचं काम. बाकी स्पेसिफिकेशन सगळ्यांना पाठ असतील, त्यात वेळ घालवत नाही. मी साधं मॉडेल घेतलंय, प्रो नाही, कारण प्रोमध्ये फक्त चव जास्त स्पष्ट येते आणि आठवणीतल्या चवीसाठी एवढे जादा पैसे घालायला आपल्याला परवडत नाही. घर गावभागात, सांगली. खात्यावर आठ माणसं, लहान पोरासकट. तिकडंच खरी गंमत झाली, येतो त्यावर.

पेटी घेतलीच मुळात 2019 च्या पुरासाठी. आमच्याकडं दर पावसाळ्यात तोच विषय, कृष्णेवरच्या आयर्विन पुलाला पाणी किती फूट झालं आणि आपल्यात पाणी कुठवर आलं होतं. काकू एक सांगते, तात्या दुसरंच, आणि जेवण राहतं बाजूला. म्हटलं सगळ्यांच्या आठवणी एकदा भरून टाकू, सामायिक आठवण तयार होईल, भांडण मिटेल.

तर सामायिक आठवणीत पाणी आमच्या माजघरात स्विचबोर्डच्या खालीच थांबतंय. आणि भिंतीवर खूण आहे स्विचबोर्डच्या वर चांगली हातभर. नंतर रंग काढला तेव्हा तेवढी पट्टी मुद्दाम ठेवलीय आम्ही. बोर्ड पाण्यात गेला म्हणून तर सगळं वायरिंग नव्यानं करावं लागलं, बिल अजून कपाटात आहे. आणि पेटीत बघावं तर बोर्ड कोरडा ठणठणीत!

हेल्पलाईनला फोन केला. ती मुलगी गोड आवाजात म्हणते, सर हा दोष नाही, ही सर्वांच्या सहमतीची आठवण आहे. म्हटलं ताई, सहमती घेताना भिंतीला विचारलं का? होल्डवर टाकलं आणि फोन कट. परत लावला की परत पहिल्यापासून गाव, पिनकोड, पेटीचा नंबर. शेवटी पुण्याहून माणूस आला, वॉरंटीत असून व्हिजिट चार्ज घेतला, डोक्याच्या पट्ट्या कापसानं पुसल्या आणि म्हणाला आता बघा. बघितलं. पाणी तिथंच. चहा मात्र दोनदा प्याला.

इथपर्यंतचं लिहून मी एक स्टार देणार होतो. पण मधी अपडेट आला आणि त्यात प्रत्येकाची आठवण वेगळी लावून बघायची सोय आली, ही पहिल्या दिवसापासून का नव्हती देव जाणे. रात्री सगळे झोपल्यावर मी एकेकाची लावून बसलो. काकू पोरांना घेऊन विश्रामबागला गेली तेव्हा आयर्विनला धोका पातळी, म्हणजे 45 फूट, नुकतीच ओलांडली होती, तिच्या आठवणीत पाणी उंबऱ्याला लागलंय आणि ती चपला वर उचलून ठेवतीय. आई-बाबा बोटीतनं निघाले तेव्हा कमरेला. तात्या एकटा वरच्या मजल्यावर थांबला, त्यानं 57 फुटांच्या वरचं पाणी जिन्यातनं खाली वाकून बघितलंय, आणि त्याच्या आठवणीतलं पाणी बरोब्बर भिंतीवरच्या खुणेला टेकतंय. म्हणजे खोटं कुणीच बोलत नव्हतं, जो जेव्हा घर सोडून गेला तिथं त्याचं पाणी थांबलं. हे कळल्यावर काकूशी वाद घालायचं मी बंद केलं, हा पेटीचा फायदा मान्य आहे.

पण म्हणून सरासरी काढायची? आज 45 आणि परवा 57, म्हणून मधला आकडा धरून कुणी पूररेषा आखतं का? आणि कहर पुढंच आहे. धाकटा पुतण्या 2021 च्या पुरानंतर जन्मलेला, 2019 चं त्याच्याकडं काय असणार. तर पेटीनं त्याचं पाणी शून्य धरून हिशोबात घेतलं होतं! त्याला खात्यातनं काढलं आणि सामायिक आठवणीतलं पाणी तिथल्या तिथं वर चढलं. बोर्डापर्यंत नाही, पण चढलं. काढल्यावर माणशी भाडं कमी होईल म्हणावं तर तेही नाही, आठचा पॅक म्हणजे आठचे पैसे. आणि त्यानं आधी दोन-चारदा पट्टी लावून बघितलेलं असल्यामुळं तो आता बालवाडीत सगळ्यांना सांगत फिरतोय की मी बोटीत बसलो होतो आणि आमची म्हैस राहिली. आमच्याकडं म्हैस नाही. शेजाऱ्यांचं खातं आमच्याशी शेअर आहे, त्यांची असणार.

वासाबद्दल मात्र पैकीच्या पैकी. तात्या लहान असताना आजोबांबरोबर हरिपूरला हळदीच्या पेवावर जायचा. पेव म्हणजे हळद साठवायचा जमिनीतला खोल खड्डा, झाकण काढून आतली हवा निघेपर्यंत वाट बघायची, मगच माणूस उतरणार. 2005 च्या पुरात तिथली बहुतेक पेवं गेली, आमच्या पोरांनी ती बघितलेलीच नाहीत. ती आठवण लावली आणि झाकण उघडल्याबरोबर जो वास आला, उबट, मातीचा आणि हळदीचा एकत्र, तात्या पट्टी काढून पाच मिनिटं गप्प बसला आणि मग म्हणाला परत लाव. साध्या मॉडेलमध्ये एवढं येतंय, प्रोच्या नादाला लागू नका. (पुराच्या गाळाचा वास पण तितकाच खरा येतो, जेवणाआधी लावू नये.)

तीन स्टार. रिचार्ज केलाय पण सहा महिन्यांचाच, वर्षाच्या ऑफरला भुललो नाही. सरासरी बंद करायचं बटण दिलं तर चौथा देईन.

सातारकरांना एक विचारायचंय. पाटण-कऱ्हाडकडच्या कुणाच्या खात्यात 1967 चा कोयनेचा भूकंप भरलेला असेल तर लावून बघून सांगा. तो 11 डिसेंबरच्या पहाटे झाला, निम्मं घर झोपेत असणार, मग पेटी निम्माच भूकंप दाखवते का काय?