‘एन्नियो’: मोरिकोने यांच्या घडणीचा माहितीपट

जुझेप्पे तोर्नातोरे यांचा ‘एन्नियो’ (2021) हा अडीच तासांहून मोठा माहितीपट इटालियन संगीतकार एन्नियो मोरिकोने (1928–2020) यांच्या आयुष्याचा वेध घेतो. ट्रम्पेटवादक वडिलांच्या आग्रहाखातर तेच वाद्य हाती घेतलेला रोममधला हा मुलगा सांता चेचिलिया संगीतशाळेत गोफ्रेदो पेत्रास्सी यांच्याकडे रचनाशास्त्र शिकला. मात्र चित्रपटांसाठी लिहिणे म्हणजे गुरूंनी दिलेल्या विद्येशी प्रतारणा, ही बोच त्याला पुढे कित्येक वर्षे छळत राहिली. ती बोलून दाखवताना वृद्ध मोरिकोने यांचा कंठ दाटून येतो, आणि माझ्या मते हाच या चित्रपटाचा गाभा आहे.

आरसीए या ध्वनिमुद्रिका कंपनीसाठी गाण्यांचे वाद्यवृंद रचताना पत्र्याच्या डब्याचा आवाजही त्यांनी संगीतात आणला. शाळेतला वर्गसोबती, दिग्दर्शक सर्जो लेओने यांच्या पश्चिमपटांत (वेस्टर्न चित्रपटांत) त्यांनी वापरलेल्या शिट्ट्या आणि चाबकाचे फटकारे त्या प्रयोगांतूनच कसे उगवले, हे इथे कानांनीच समजते. स्वरावली तोंडाने गात ते स्वतः तिची उकल करतात, ते प्रसंग तर पुन्हा पुन्हा पाहावेत असे आहेत.

उत्तरार्धात नामवंतांच्या स्तुतीची गर्दी होते आणि ‘ला पिओव्ह्रा’सारख्या दूरचित्रवाणी मालिकांच्या कामाला त्यामानाने कमी जागा उरते, ही उणीव खटकते. 2007 चा मानद ऑस्कर आणि 2016 मध्ये स्पर्धेत जिंकलेला ऑस्कर यांपेक्षा त्या कामाबद्दल ऐकायला मला अधिक आवडले असते. तरीही पार्श्वसंगीताचा अभ्यास करणाऱ्या प्रत्येकाने हा माहितीपट, शक्यतो चांगल्या ध्वनियंत्रणेवर, अवश्य पाहावा.