ट्रिनिटी रॉडमनला बघायचं असेल तर ऑडी फील्डलाच जा
रॉडमन ज्या अमेरिकन महिला फुटबॉल क्लबकडून खेळते, त्या वॉशिंग्टन स्पिरिटची मॅच बघायला लेकीने मला वॉशिंग्टनच्या ऑडी फील्ड स्टेडियमवर हट्टाने नेलं आणि आता मीच सगळ्यांना सांगतेय जा म्हणून. स्टेडियम साधारण २० हजारांचं, त्यामुळे खालच्या रांगेतून मैदान अगदी जवळ वाटतं. शक्यतो साइडलाइनचं तिकीट घ्या, रॉडमन उजव्या विंगवरून (मैदानाच्या उजव्या कडेने) सुटते, डिफेंडरला बाहेर जातेय असं भासवते आणि झटकन आत वळून डाव्या पायाने मारते, २०२४ च्या ऑलिम्पिकमध्ये जपानविरुद्ध एक्स्ट्रा टाइमला मारलेला गोल असाच होता! २०२१ ला १८ व्या वर्षी लीगच्या ड्राफ्टमध्ये (क्लब पाळीपाळीने नवे खेळाडू निवडतात तो) दुसरी निवड, त्याच वर्षी टीम लीगची चॅम्पियन, आणि ही रूकी ऑफ द इयर, म्हणजे वर्षातली सर्वोत्तम नवखी खेळाडू. पाठीच्या दुखण्याने मध्ये बाहेर बसावं लागलं तरी पोरगी परत जीव तोडून धावते. नेव्ही यार्ड मेट्रोवरून चालतच या.