झोहर अर्गोव्हची निवडक गाणी: आवाजाला पाच, कलेक्शनला तीन स्टार

झोहर अर्गोव्ह हा इस्रायली गायक. हिब्रू येत नसेल तरी चालेल, आधी ‘हापेराख बेगानी’ लावा. 1982 च्या मिझराही (म्हणजे मध्यपूर्व-उत्तर आफ्रिकेतून आलेल्या ज्यूंच्या) गाण्यांच्या फेस्टिव्हलमध्ये हे पहिलं आलं, गीत-संगीत अविहू मेदिनाचं, आणि त्यात झोहर एकेक शब्द ओढत जी हरकत घेतो ना, आपल्याकडे मैफलीत हमखास वाहवा मिळाली असती. येमेनी ज्यू घरातला रिशोन लेझिऑन शहराचा पोरगा, रेडिओवाले अशा गाण्यांना फारसं विचारत नव्हते तेव्हा तेल अवीवच्या बसस्टँडवर याच्या कॅसेट धडाधड खपायच्या, लोक याला ‘राजा’च म्हणायचे.

बाकी आयुष्याचा पार विचका. बलात्काराच्या गुन्ह्यात जेल, नंतर हेरॉईन, शेवटी 1987 मध्ये पोलीस कोठडीत आत्महत्या, वय जेमतेम 32. गुन्ह्यावर पांघरूण घालायचं काही कारण नाही, पण आज इस्रायलमध्ये मिझराही पॉप सगळीकडे वाजतं त्याचं बरंचसं श्रेय यालाच जातं.

स्टार कापले कारण मी ज्या अ‍ॅपवर ऐकलं तिथे ना लिरिक्स ना साल, गाणी कशीही कोंबलीत. ‘एलिनोर’ मात्र चुकवू नका, हेडफोन लावूनच ऐका.