हरवलेली डीएलएल फाइल 'मिळवून देणाऱ्यां'पासून सांभाळा

माझ्या मामांचं तालुक्याच्या गावी झेरॉक्स आणि डीटीपीचं दुकान आहे. ऐन लग्नसराईत संगणकाची हार्डडिस्क गेली. दुरुस्तीवाल्याने नवी डिस्क टाकून विंडोज १० चढवलं आणि पत्रिका डिझाइन करायच्या प्रोग्रामचा फोल्डर जुन्या डिस्कवरून उचलून नव्या डिस्कवर ठेवला. प्रोग्राम उघडला की एरर यायची: व्हीसीरनटाइम१४०.डीएलएल सापडत नाही, प्रोग्राम पुन्हा इन्स्टॉल करून पाहा. डीएलएल म्हणजे अनेक प्रोग्रामांनी मिळून वापरायचा तयार कोड. समोर गिऱ्हाईक खोळंबलेलं. मामांनी फाइलचं नाव गूगलवर टाकलं आणि सगळ्यात वर जी साइट आली ती उघडली. त्या दुपारी त्यांचे साडेआठ हजारांच्या आसपास रुपये गेले. त्यांना विचारूनच हे लिहितोय. गावोगावच्या डीटीपीवाल्यांना, सायबर कॅफेवाल्यांना आणि गेम खेळणाऱ्या पोरांना हीच एरर रोज दिसते आणि तीही हेच करतात.

साइट दिसायला अगदी चोख होती. हजारो डीएलएल फाइलींची यादी, प्रत्येकीची आवृत्ती, आकार, सगळं व्यवस्थित. फाइल फुकट मिळाली. ती विंडोजच्या सिस्टम३२ फोल्डरमध्ये टाका, असं तिथे लिहिलं होतं, मामांनी टाकली. आता नवीच एरर आली, ०एक्ससी००००७बी. मग त्याच पानावरचा 'आपोआप दुरुस्त करा' असा प्रोग्राम त्यांनी उतरवला. त्याने संगणक तपासून शेकडो दोष दाखवले आणि दुरुस्तीचे १,४९९ रुपये मागितले. पैसे भरल्यावर पडद्यावर एक फोन नंबर आला.

फोनवरचा माणूस स्वतःला मायक्रोसॉफ्टचा इंजिनिअर म्हणवत होता. हिंदीत, अतिशय अदबीने बोलत होता. दूरून स्क्रीन पाहता येईल असं ॲप त्याने टाकायला लावलं आणि विंडोजचं इव्हेंट व्ह्यूअर उघडून लाल-पिवळ्या खुणांची लांबलचक यादी दाखवली. "सर, इतना वायरस है, आपका बैंक अकाउंट भी खतरे में है." मामा घाबरले. तीन वर्षांच्या संरक्षणाचे म्हणून आणखी ६,९९९ रुपये गेले, आणि प्रोग्राम तरीही सुरू झाला नाही.

इव्हेंट व्ह्यूअर ही विंडोजची नोंदवही आहे. एखादी सेवा उशिरा सुरू झाली, नेट क्षणभर तुटलं, तरी तिथे खूण पडते. आज विकत आणलेल्या कोऱ्या लॅपटॉपवरही आठवड्याभरात अशा खुणा जमतात. त्या खुणा म्हणजे व्हायरस नव्हे. तुम्ही स्वतः आत्ता उघडून बघा, म्हणजे उद्या कुणी फोनवरून दाखवून घाबरवू शकणार नाही. शिवाय विंडोजच्या खऱ्या एररमध्ये फोन नंबर कधीच नसतो.

आता फाइलबद्दल. व्हीसीरनटाइम१४० आणि एमएसव्हीसीपी१४० या फाइली मायक्रोसॉफ्टच्या 'व्हिज्युअल सी++ रीडिस्ट्रिब्युटेबल' या संचात येतात. तो मायक्रोसॉफ्टच्या साइटवर फुकट आहे. ६४ बिट विंडोजवर एक्स८६ (३२ बिटचा) आणि एक्स६४ (६४ बिटचा) असे दोन्ही टाकावेत, कारण ३२ बिट प्रोग्रामला ३२ बिटचीच फाइल लागते. गोंधळ असा, की ६४ बिट विंडोजमध्ये सिस्टम३२ फोल्डरात ६४ बिटच्या फाइली असतात आणि ३२ बिटच्या एसवायएसडब्ल्यूओडब्ल्यू६४ मध्ये. मामांना मिळालेली फाइल ३२ बिटची होती, प्रोग्राम ६४ बिटचा. ती दुसरी एरर त्यातूनच आली. पण माझ्या मते खरा धोका याहून मोठा आहे. डीएलएल हा चालणारा कोड आहे. ज्या प्रोग्रामने ती उघडली त्याचे सगळे अधिकार तिला मिळतात. अनोळखी ठिकाणची डीएलएल सिस्टम३२ मध्ये ठेवणं म्हणजे अनोळखी माणसाच्या हातात दुकानाच्या किल्ल्या देणं आहे.

जुन्या गेमला डी३डीएक्स९_४३.डीएलएल हवी असेल तर मायक्रोसॉफ्टचा जून २०१० चा डायरेक्टएक्स रनटाइम लागतो, तोही फुकट. विंडोजची स्वतःची फाइल खराब झाली असेल तर ॲडमिनिस्ट्रेटर म्हणून कमांड प्रॉम्प्ट उघडून आधी डीआयएसएमची रिस्टोअरहेल्थ आणि मग एसएफसी स्कॅननाऊ या विंडोजच्या फाइली तपासून दुरुस्त करणाऱ्या दोन कमांड चालवा. अँटिव्हायरसने संशयावरून फाइल उचलून बाजूला ठेवली असेल तर ती त्याच्या क्वारंटाइनमध्ये दिसते. क्रॅक केलेल्या सॉफ्टवेअरची फाइल तिथून परत आणू नका.

मी पोहोचलो तेव्हा आधी नेट तोडलं. मामांच्या फोनवरून कार्ड ब्लॉक केलं, १९३० या सायबर हेल्पलाइनला फोन लावला आणि सायबरक्राइम डॉट गव्ह डॉट इन वर तक्रार नोंदवली. व्यवहाराचा क्रमांक, तारीख, रक्कम आणि स्क्रीनशॉट जवळ ठेवा. फोन जितका लवकर, तितकी पैसे वाटेत अडवता येण्याची आशा जास्त. मामांचे अजून परत आलेले नाहीत. संगणकात परका माणूस शिरून गेला होता, म्हणून विंडोज पुन्हा नव्याने चढवलं आणि सगळे पासवर्ड दुसऱ्या फोनवरून बदलले. पत्रिकांच्या प्रोग्रामची मूळ सीडी कपाटात होती. तिच्यातला सेटअप चालवल्यावर त्याने हवी ती फाइल स्वतःच बसवली. फोल्डर उचलून ठेवण्याऐवजी दुरुस्तीवाल्याने पहिल्या दिवशी एवढंच करायला हवं होतं.

मामांना पैशांपेक्षा जास्त लागलं ते दुसरंच. झेरॉक्सच्या दुकानात लोकांची आधार, पॅन, सातबारे स्कॅन होतात आणि त्या फाइली डेस्कटॉपवरच पडून होत्या. तो माणूस बराच वेळ स्क्रीनवर होता. त्याने त्यातलं काय उचललं, हे आम्हाला कळणार नाही. ज्यांची कागदपत्रं त्या फोल्डरात होती त्यांना मामांनी एकेक करून फोन केले, झालेलं सांगितलं आणि एम-आधार ॲपवर बायोमेट्रिक लॉक लावायला सांगितलं. ज्यांना जमलं नाही त्यांना दुकानात बोलावून लावून दिलं. स्कॅनचा फोल्डर आता रोज दुकान बंद करण्याआधी रिकामा होतो.