बाल न्याय कायद्याचं छोटं पुस्तक: अक्षर मुंगीएवढं, तरी घ्या

माझं परळला पोळीभाजी केंद्र आहे, कायद्याची पुस्तकं वाचणारी बाई नाय मी. पण गेल्या महिन्यात एक बारा-तेरा वर्षांचा मुलगा सकाळी सकाळी दारात येऊन उभा राहिला, मावशी काम द्या बोलला, कुठल्यातरी लांबच्या गाडीतून उतरलेला, घरचं विचारलं की गप्प. आजूबाजूचे सगळे बोलले ठेवून घे गं, भांडी घासेल, दोन वेळ जेवेल, तुलाच पुण्य. कळवलंस तर बिचाऱ्याला डोंगरीला, म्हणजे तिथल्या मुलांच्या रिमांड होममध्ये टाकतील. आता हे 'डोंगरीला टाकतील' आम्ही गिरणगावात लहानपणापासून ऐकत आलोय, मस्ती केली की आई हेच बोलायची, त्यामुळे माझा पण हात फोनकडे जाईना. पोराला आधी पोटभर जेवायला घातलं आणि बसवलं.

नणंदेची मुलगी वकिली शिकते, तिला फोन केला तर बोलली मामी, काम अजिबात सांगू नकोस, मी येते. दुपारी कॉलेजमधून येताना फोर्टातून हे घेऊन आली, बाल न्याय कायदा २०१५ चा बेअर अ‍ॅक्ट, म्हणजे नुसती कायद्याची कलमं, एका पानावर इंग्रजी समोर मराठी, दोनशे रुपयांच्या आतच.

तर पुस्तकाबद्दल. अक्षर एवढं बारीक की चष्मा लावून वर मोबाईलची बॅटरी मारावी लागली. मराठी सरकारी छापाचं, 'विधिसंघर्षग्रस्त बालक' हा शब्द मी तीनदा वाचला तेव्हा कुठे तोंडात बसला. पण भाची बोलली मामी हा शब्द मुद्दाम आहे, मुलाला आरोपी, गुन्हेगार असलं काही चिकटू नये म्हणून. आणि माझी भीती गेली ती इथेच. ज्याच्यावर गुन्ह्याचा आळ आहे तो विधिसंघर्षग्रस्त, त्याचं प्रकरण बाल न्याय मंडळापुढे, तिथे एक मॅजिस्ट्रेट आणि दोन समाजसेवक, त्यातली एक तरी बाई पाहिजेच. त्याला ठेवतात निरीक्षण गृहात, त्यालासुद्धा लॉकअपमध्ये टाकता येत नाय. आणि माझ्या दारातल्यासारखा हरवलेला नायतर पळून आलेला पोरगा म्हणजे 'काळजी व संरक्षणाची गरज असलेलं बालक', त्याची वाट वेगळी, बाल कल्याण समिती, अध्यक्ष धरून पाच जण, आणि राहायला बालगृह. आपण दोघांनाही रिमांड होमच बोलतो. (डोंगरीच्या तुरुंगात १८८२ मध्ये टिळक-आगरकर १०१ दिवस होते, मुलांचं ते नंतर झालं, ही भाचीची भर.)

मग कलम ३२. असं एकटं मूल तुमच्या ताब्यात आलं तर २४ तासांच्या आत कळवायचं, चाईल्डलाईन म्हणजे मुलांसाठीचा मदतीचा फोन, जवळचं पोलीस स्टेशन, समिती, कुणालाही. नाय कळवलं तर तो गुन्हा, कलम ३४ प्रमाणे सहा महिन्यांपर्यंत कैद नायतर दहा हजार दंड नायतर दोन्ही. पुढे कलम ७९, पोराला कामाला अडकवून ठेवलं किंवा त्याची कमाई दाबली तर पाच वर्षांपर्यंत सक्तमजुरी आणि लाखाचा दंड. म्हणजे शेजारणीचं पुण्य मला भलतंच महाग पडलं असतं! चाईल्डलाईनच्या १०९८ ला फोन लावला, फुकट आहे, १९९६ मध्ये आपल्या मुंबईतच सुरू झालेला नंबर. संध्याकाळी माणसं आली, पोरगा जाताना दोन चपात्या कागदात बांधून घेऊन गेला. पुढचं मला कुणी सांगितलं नाय, आणि मी पण खोदून विचारलं नाय, कारण कलम ७४ मध्ये मुलाची ओळख बाहेर काढायला बंदी आहे हे तोवर वाचून झालं होतं.

आता तक्रार. कव्हरवर लाल अक्षरात 'अद्ययावत आवृत्ती' छापलंय आणि आत दत्तकाचा हुकूम अजून कोर्टच देतंय. २०२१ च्या दुरुस्तीत ते काम जिल्हाधिकाऱ्यांकडे गेलं, १ सप्टेंबर २०२२ पासून लागू पण झालं. भाचीने पकडलं म्हणून कळलं, मला काय कळणार होतं! दुकानदार बदलून द्यायला तयार नाय, बोलला पानावर तेल लागलंय. लागलंय खरं, पोळ्या लाटता लाटता वाचलं तर लागणारच.

पाचपैकी साडेतीन स्टार. पैसे देण्याआधी दत्तकाचं पान उघडून बघा. माझी कॉपी सध्या शेजारणीकडे आहे, परत द्यायचं नाव नाय.