बर्लिनचं ऑलिम्पिक स्टेडियम: आधी मनोरा, मग मैदान

बहुतेक पर्यटक यू-२ मेट्रोने येतात, पूर्वेच्या दारातून आत शिरतात, निळ्या ट्रॅकचे फोटो काढतात आणि परततात. स्टेडियम बघून होतं, पण १९३६ च्या ऑलिम्पिकच्या निमित्ताने नाझींनी इथे काय मांडलं होतं ते कळत नाही. म्हणून क्रम उलटा ठेवा. एस-बानच्या (लोकल रेल्वेच्या) पिशेल्सबेर्ग स्टेशनला उतरून आधी पश्चिम टोकाचा घंटामनोरा गाठा. त्याचं दार वेगळं, तिकीटही वेगळं. हिवाळ्यात तो बंद असतो.

मनोरा ७७ मीटर उंच, वर जायला काचेची लिफ्ट. वरून वास्तुविशारद वेर्नर मार्श यांची आखणी सरळ रेषेत दिसते: माइफेल्ड हे पटांगण, मॅरेथॉन दरवाजा, स्टेडियम. माइफेल्डवर पोलो खेळला गेला खरा, पण एवढं मोठं पटांगण राखलं ते संचलनांसाठी आणि सभांसाठी.

खरी गोम पायथ्याच्या लांगेमार्क सभागृहात आहे. १९१४ साली, पहिल्या महायुद्धात, बेल्जियमच्या फ्लँडर्समध्ये पडलेल्या तरुण जर्मन सैनिकांचं हे स्मारक. तिथल्या दफनभूमीची माती इथे आणून ठेवली होती. खेळाच्या आवारात युद्धस्मारक! आज मैदानावर धावणाऱ्यांनी उद्या रणांगणावर असंच मरावं, हा संदेश इमारतीतच बांधून काढलेला. इथल्या प्रदर्शनाला निदान तासभर द्या. ब्रिटिशांनी १९४७ मध्ये मनोरा पाडला आणि नंतर तो मार्श यांनीच पुन्हा बांधला, हेही गमतीचंच.

मग स्टेडियम. तडा गेलेली मूळ घंटा दक्षिणेच्या बाजूला बाहेर ठेवली आहे. ती चुकवू नका. मॅरेथॉन दरवाज्यावर विजेत्यांची नावं कोरली आहेत, त्यात अमेरिकेचा कृष्णवर्णीय धावपटू जेसी ओवेन्सची चार सुवर्णपदकं. ओवेन्सची गोष्ट सगळेच सांगतात. गाइडला मुद्दाम विचारावं ते ग्रेटेल बेर्गमानबद्दल: जर्मन विक्रमाची बरोबरी करूनही ज्यू म्हणून उंच उडीच्या संघातून वगळलेली. स्पर्धेपूर्वी रोमा-सिंती (तेव्हा ‘जिप्सी’ म्हटले जाणाऱ्या) कुटुंबांना बर्लिनच्या कडेच्या मार्त्सान छावणीत हलवलं, ज्यूविरोधी पाट्या तेवढ्यापुरत्या उतरवल्या. ग्रीसमधल्या ऑलिंपियाहून मशाल धावत आणण्याची प्रथाही तेव्हाचीच. त्या मशाली बनवल्या तोफा बनवणाऱ्या क्रुप कंपनीने.

याच आवारातल्या हॉकी मैदानावर १५ ऑगस्ट १९३६ ला ध्यानचंदच्या संघाने जर्मनीला ८-१ ने हरवलं. त्याच सुमारास अमरावतीच्या हनुमान व्यायाम प्रसारक मंडळाच्या पथकाने बर्लिनमध्ये देशी खेळांची प्रात्यक्षिकं केली होती.

पाचपैकी चार तारे. एक कापला तो दोन तिकिटांसाठी. हेर्था या फुटबॉल क्लबचा सामना किंवा संगीताचा कार्यक्रम असेल त्या दिवशी स्टेडियम बघायला मिळत नाही, तेव्हा वेळापत्रक पाहूनच तिकीट काढा.