डार्क सोल्स: जुना घ्यावा की रीमास्टर्ड?

जळगावच्या मे महिन्यात कूलरसमोर बसून मी या व्हिडिओ गेमच्या दोन्ही आवृत्त्या खेळलोय, जुनी आणि रीमास्टर्ड, म्हणजे सुधारून पुन्हा काढलेली. २०११ चा मूळ गेम सेकंदाला ३० फ्रेम्सचा, म्हणजे पडद्यावर सेकंदाला ३० चित्रं. गेममधल्या ब्लाइटटाउन या भागातल्या लाकडी फळ्यांवर उतरलं की तेवढ्याही फ्रेम्स टिकायच्या नाहीत; ढाल वर येईपर्यंत विषारी बाण घुसलेला असायचा. फार जीव जळायचा. २०१८ च्या रीमास्टर्डमध्ये पीसीवर ६० फ्रेम्स मिळतात आणि खरा फरक इथंच पडतो. कोलांटी वेळेवर बसते, मेलो तर चूक आपलीच. ऑनलाइन चारऐवजी सहा जण खेळतात, तेही बरं. गेममधल्या शेकोटीची आग मात्र मला जुनीच आवडते, मंद, धुगधुगती. तरी धाकट्या भावानं विचारलं तेव्हा बेधडक सांगितलं, ‘भाऊ, रीमास्टर्डच घे.’